सुईची साक्ष आणि शब्दाची साक्ष

डोळे अधू झाले की डॉक्टर अक्षरांचा तक्ता समोर धरतात. कानाला कमी ऐकू येऊ लागले तर यंत्रातून बारीकमोठे सूर ऐकवून आलेख काढतात. हाड मोडले तर एक्स-रेची फिल्म उजेडात धरली की घरच्या मंडळींनाही भेग दिसते. पण कोणी म्हणाले, "तळपायांची आग होते," किंवा "बोटांत मुंग्या येतात," तर ऐकणाऱ्याच्या हाती पुरावा म्हणून काय असते? सांगणाऱ्याचा शब्द. त्यापलीकडे फारसे काही नाही. शब्दावर विश्वास ठेवला तर रोगी, न ठेवला तर सोंगाड्या, असा हा व्यवहार माणूस आपले दुखणे बोलून दाखवू लागला तेव्हापासून चालत आलेला आहे.

मी इतिहासाचा शिक्षक. एकाच साक्षीदारावर निकाल देऊ नये, असे आम्हाला एम. ए.ला शिकवले गेले आणि गेली तीस वर्षे मीही मुलांना तेच शिकवत आलो आहे. आमच्या सीमाभागात ही गोष्ट समजावणे सोपे जाते. एखाद्या गावाची एक हकीकत मोडी कागदात सापडते आणि दुसरी देवळासमोरच्या कन्नड शिलालेखात. दोन्ही शेजारी मांडायच्या, कुठे जुळतात आणि कुठे जुळत नाहीत ते पाहायचे, आणि मगच बोलायचे. माणसाच्या स्पर्शाचा व वेदनेचा अभ्यास मात्र विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत एकेका साक्षीदारावरच चालला होता. दोन्ही साक्षीदार खऱ्या अर्थाने एकत्र आले ते स्वीडनमधील उप्साला या विद्यापीठाच्या गावी, १९६५ नंतरच्या दोन-तीन वर्षांत. आणि त्यासाठी दोन डॉक्टरांना स्वतःच्या हातापायांत सुया टोचून घ्याव्या लागल्या. शालेय पाठ्यपुस्तकांत या हकीकतीला जागा मिळत नाही, म्हणून ती येथे सांगण्याचा हा खटाटोप.

*

आधी थोडी ओळख करून घेऊ. कोपर दाराच्या चौकटीवर आपटले की करंगळीपर्यंत झिणझिण्या जातात, हा अनुभव सर्वांनाच आहे. त्या ठिकाणी कातडीखाली एक मज्जातंतू हाडाला लागून जातो. आपण त्याला एक तंतू म्हणतो खरे, पण तो असतो दोरखंडासारखा. त्याच्या पोटात हजारो बारीक धागे असतात. काही धागे जाड असतात व त्यांच्यावर मेदाचे वेष्टन असते. त्यांतून निरोप सेकंदाला पन्नास मीटर किंवा त्याहूनही अधिक वेगाने धावतो. काही धागे अतिशय बारीक व वेष्टनाविना असतात. त्यांतला निरोप सेकंदाला सुमारे एक मीटर, म्हणजे आपण रमतगमत चालतो तेवढ्याच वेगाने जातो. निरोप म्हणजे विजेचा एक क्षणिक स्पंद. एक स्पंद साधारण सेकंदाच्या हजाराव्या भागात उमटून मावळतो.

या धाग्यांचे काम समजून घ्यायचे कसे? इंग्लंडमध्ये हेन्री हेड नावाचे डॉक्टर होते. रोग्यांना स्पर्शाबद्दल प्रश्न विचारून त्यांना समाधानकारक उत्तरे मिळेनात. तेव्हा २५ एप्रिल १९०३ रोजी त्यांनी आपल्याच डाव्या हातातले मज्जातंतू शस्त्रवैद्याकडून कापून घेतले व पुन्हा शिवून घेतले. पुढे चार वर्षांहून अधिक काळ ते केंब्रिजला आपले मित्र डब्ल्यू. एच. आर. रिव्हर्स यांच्याकडे जात राहिले. हेड डोळे मिटून बसत. रिव्हर्स त्यांच्या हातावर कापूस, टाचणी, गरम व गार नळ्या टेकवत आणि हेड काय सांगतात ते टिपून ठेवत. कातडीवर संवेदना कशी कशी परतली याचा तो तपशीलवार वृत्तांत १९०८ साली प्रसिद्ध झाला. धाडस विलक्षण होते, पण साक्ष केवळ शब्दाची होती. कातडीखाली धाग्यांत नेमके काय घडत होते, हे ना हेड यांना ऐकू येत होते, ना रिव्हर्स यांना.

दुसरी साक्ष त्याच केंब्रिजमध्ये पुढच्या पिढीने मिळवली. एड्गर एड्रियन आणि स्वीडनहून आलेले तरुण संशोधक इंग्वे झॉटरमन यांनी १९२६ साली बेडकाच्या एका स्नायूच्या पट्ट्या कापत कापत असा तुकडा उरवला की ज्यातून एकाच संवेदक धाग्याचे निरोप यावेत. रेडिओत असत तशा व्हॉल्व्हच्या साहाय्याने त्यांनी ते क्षीण स्पंद मोठे करून नोंदवले. त्यातून निघालेला नियम आज साधा वाटतो, पण तेव्हा तो नवा होता. स्नायूवर भार कमी असो वा जास्त, स्पंद तेवढ्याच उंचीचा असतो. भार वाढला तर स्पंदांची उंची वाढत नाही, संख्या वाढते. तारघरातला कट्ट-कडकट्ट जसा जोरात किंवा हळू नसतो, फक्त भरभर किंवा सावकाश असतो, तसेच हे. १९३२ चे नोबेल पारितोषिक एड्रियन यांना चार्ल्स शेरिंग्टन यांच्यासह मिळाले.

हे तंत्र मग जगभर पसरले. आपल्याकडचे डॉ. औतार सिंग पेंटल यांनी १९५० च्या दशकात मांजराच्या हृदयाकडून व फुप्फुसांकडून येणाऱ्या एकेका धाग्याचे निरोप नोंदवून या क्षेत्रात भारताचे नाव नेले. पण बेडूक असो वा गुंगी दिलेले मांजर, त्याला एक प्रश्न विचारता येत नव्हता, तो म्हणजे, "बाबा रे, तुला आता काय वाटते आहे?" हेड यांच्याजवळ शब्द होता पण सुई नव्हती; एड्रियन यांच्याजवळ सुई होती पण शब्द नव्हता.

*

माणसावर हा प्रयोग करण्यात मोठी अडचण होती. जर्मनीतील हर्बर्ट हेन्सेल व त्यांचे सहकारी बूमन यांनी १९६० मध्ये माणसाच्या हातातला मज्जातंतू शस्त्रक्रियेने उघडा करून त्यातले धागे सोडवले व नोंदी घेतल्या. पण प्रत्येक प्रयोगाला हात चिरायचा, हा काही रोजचा मार्ग होऊ शकत नव्हता. वैद्यकाची शिकवण तर उलटच होती. इंजेक्शन देताना सुई मज्जातंतूला लागू नये, म्हणून प्रत्येक डॉक्टर आणि नर्स काळजी घेते. मग मुद्दाम मज्जातंतूतच सुई घालायची म्हणजे काय?

उप्सालाच्या विद्यापीठ रुग्णालयात कार्ल-एरिक हागबार्थ (१९२६–२००५) आणि ओके वाल्बो या दोघांनी हा विचार हाती घेतला. त्यांना मुख्यतः स्नायूंच्या ताठरपणाचे व थरथरीचे कोडे उलगडायचे होते. प्राण्यांच्या मेंदूतील नोंदी घेण्यासाठी टंगस्टन धातूची टोकदार तार वापरण्याची पद्धत डेव्हिड ह्युबेल यांनी १९५७ मध्ये प्रसिद्ध केली होती. दिव्यातली तार ज्या धातूची असते तोच हा धातू. फार ताठ, त्यामुळे केसाइतकी बारीक तारही कातडीतून आत जाताना सहसा वाकत नाही. या दोघांनी वापरलेली सुई सुमारे पाव मिलिमीटर जाडीची. तिच्यावर वीज अडवणाऱ्या लाखेचा थर, आणि केवळ टोक उघडे. ते उघडे टोक मिलिमीटरच्या काही हजारांशांइतके. त्या टोकाशी जो धागा असेल त्याचा निरोप यायचा, बाकीचे हजारो धागे दूर राहायचे.

दुसऱ्यांना टोचण्याआधी त्यांनी स्वतःला आणि एकमेकांना टोचले. मज्जातंतूला कायमची इजा होईल का, याचे उत्तर कोणत्याही पुस्तकात नव्हते. ते आपल्याच हातापायांवर मिळवणे त्यांना रास्त वाटले. भूल देता येत नव्हती, कारण बधिर केलेला मज्जातंतू काही बोलणार नाही आणि बधिर झालेला माणूस काही सांगणार नाही. सुई हाताने, केसाकेसाने पुढे सारायची. योग्य जागी आली की लाउडस्पीकरमधून खरखर बदलते. कातडीवरून बोट फिरवले की स्पंदांचा सडा ऐकू येतो. मग सुई तशीच सोडून द्यायची. तिला कोणताही आधार नसतो. भोवतालचे मांसच तिला धरून ठेवते. माणसाने हलायचे नाही. जराशी हालचाल झाली की हाती आलेला धागा निसटतो आणि पुन्हा पहिल्यापासून शोध सुरू. कधीकधी प्रयोगानंतर काही दिवस हातापायाला मुंग्या येत, पण योग्य काळजी घेतली तर कायमची इजा होत नाही, असे हळूहळू सिद्ध होत गेले. १९६७ आणि १९६८ मध्ये त्यांचे पहिले निबंध प्रसिद्ध झाले.

आता खोलीत दोन्ही साक्षीदार हजर होते. लाउडस्पीकरमधून धागा बोलत होता आणि शेजारी पलंगावर पडलेला, पूर्ण जागा माणूस स्वतःच्या तोंडाने सांगत होता.

*

जाग्या माणसाचा उपयोग केवळ प्रश्नांची उत्तरे देण्यापुरता नव्हता. त्याला इच्छा असते, ही आणखी मोठी गोष्ट. स्नायूंच्या आत लांबी मोजणारे बारीक संवेदक असतात. स्नायू ताणला की ते निरोप पाठवतात. १९५३ साली इंग्लंडमधील पी. ए. मर्टन यांनी एक आकर्षक तर्क मांडला होता. आपण बोट वाकवायचे ठरवतो तेव्हा मेंदू प्रथम या संवेदकांना हुकूम देतो, संवेदक पुढे होतात आणि त्यांच्या मागोमाग स्नायू ओढला जातो, असा तो तर्क. गुंगीतल्या मांजराला "बोट वाकव" असे सांगता येत नसल्यामुळे हा तर्क थेट तपासणे अवघड होते. वाल्बो यांनी १९७० च्या सुमारास तो माणसात तपासला. स्नायूच्या कामाची आणि संवेदकाच्या निरोपाची नोंद त्यांनी एकाच वेळी घेतली. संवेदक आधी बोलायला हवा होता. पण आधी हलला तो स्नायू, संवेदक त्याच्या मागून बोलला. मर्टन यांचा देखणा तर्क त्या नोंदींपुढे टिकला नाही. मेंदू दोघांनाही बरोबरच हुकूम देतो, असा निष्कर्ष निघाला.

दुसरा शोध ध्यानीमनी नसताना लागला. स्नायूंच्या मज्जातंतूंत सुई असताना हागबार्थ आणि वाल्बो यांना एक वेगळाच आवाज ऐकू येऊ लागला. स्पर्श केला नाही, स्नायू ताणला नाही, तरी लाटेमागून लाट यावी तसे निरोपांचे लोंढे येत होते. नीट पाहिल्यावर कळले की त्या लाटा नाडीच्या ठोक्याशी आणि श्वासाशी ताल धरून येतात. हे होते अनैच्छिक मज्जासंस्थेचे हुकूम, रक्तवाहिन्या आवळा असे सांगणारे. माणूस श्वास रोखून धरील तर लाटा उसळतात. रक्तदाब क्षणभर उतरला तर त्या वाढतात. १९६८ च्या निबंधात त्यांनी हे मांडले आणि गुन्नार वालिन यांनी पुढची अनेक वर्षे याच विषयाला वाहिली. या लाटांचे प्रमाण माणसामाणसांत फार वेगळे असते, पण एकाच माणसात ते महिनोन्महिने बरेचसे तेवढेच राहते, असे त्यांच्या गटाला आढळले. हृदय दुबळे झालेल्या रोग्यांत ते खूप वाढलेले असते, हे १९८६ साली अमेरिकेत दिसले. १९९८ साली तर कोलंबिया या अंतराळयानातून प्रदक्षिणा घालणाऱ्या अंतराळवीरांच्या पायात ही सुई टोचून नोंदी घेण्यात आल्या. पृथ्वीवरून निघालेला माणूस वजनरहित अवस्थेत रक्तदाब कसा सांभाळतो, हे त्यांतून थेट पाहता आले. येथे शब्दाचा साक्षीदार गप्प असतो. आपल्या रक्तवाहिन्यांना या घटकेला काय हुकूम सुटला आहे, हे आपल्यापैकी कोणालाच कळत नाही. सुई नसती तर ही साक्ष कधीच मिळाली नसती.

तिसरे काम तळहाताचे. रोलंड योहान्सन आणि वाल्बो यांनी शेकडो धाग्यांच्या नोंदींवरून १९७९ मध्ये हिशेब मांडला. एका हाताच्या तळव्याच्या बाजूला स्पर्श टिपणारे सुमारे १७,००० धागे पोहोचतात. बोटांच्या टोकांशी त्यांची दाटी चौरस सेंटिमीटरला २४० च्या आसपास. तळव्यावर मात्र ६० सुद्धा नाही. आंधळा माणूस ब्रेल लिपी बोटांच्या टोकांनी वाचतो, तळव्याने वाचत नाही, त्याचे कारण या आकड्यांत आहे. हे धागे चार प्रकारचे: कुणी हलकी हालचाल टिपतो, कुणी दाब, कुणी थरथर, कुणी कातडीचा ताण. याच मालिकेतील आणखी एक निष्कर्ष मला फार विलक्षण वाटतो. बोटाच्या टोकावर इतका हलका स्पर्श केला की एकाच धाग्यातून एकच स्पंद उठावा, तरी माणूस म्हणतो, "लागले." तळव्याच्या मध्यभागी तसे होत नाही, तेथे धागा बोलतो, पण माणसाला काही कळत नाही. म्हणजे संवेदना केवळ कातडीवर ठरत नाही. कोणत्या निरोपाची दखल घ्यायची हे वर ठरते.

आपण चहाचा पेला उचलतो तेव्हा तो सुटू नये इतपतच घट्ट धरतो, चेचत नाही. पेला ओला असेल तर आपोआप जरा जास्त दाबतो. १९८० च्या दशकात उमेओ या उत्तरेकडील गावी योहान्सन आणि गोरान वेस्टलिंग यांनी दाखवून दिले की वस्तू किंचित घसरू लागताच बोटांचे धागे खबर देतात आणि सेकंदाच्या दहाव्या हिश्शाहूनही कमी वेळात पकड घट्ट होते. आपल्या लक्षात येण्याआधीच काम झालेले असते. बोटे बधिर केली तर हे साधत नाही. हाताची संवेदना गेलेल्या माणसाच्या हातून वस्तू का पडतात किंवा तो त्या नको इतक्या का आवळतो, हे यावरून कळते.

*

आता पुन्हा वेदनेकडे येतो, कारण आरंभीचा प्रश्न तिचाच होता.

आपल्या भाषेत दुखण्याला किती शब्द आहेत ते पाहा. कळ, ठणका, चमक, सल, चुणचुण, झोंबणे, आग, कंड. माझ्या शाळेतील मराठी घरातले मूल "आग होते" म्हणते, त्याच बाकावरचे कन्नड घरातले मूल "उरी" म्हणते. एकाची "खाज", दुसऱ्याची "तुरिके". हे शब्द नुसते बोलण्याचे अलंकार आहेत, की शरीरातही असे वेगवेगळे भेद खरोखर आहेत?

अनवाणी चालताना अंगठ्याला ठेच लागली की आधी चटकन कळ येते. पाय मागे घेतला जातो, आणि एखाद्या क्षणानंतर मागून दुसरे, सावकाश पसरणारे, आगीसारखे दुखणे येते. उप्सालाच्या एरिक टोरेब्योर्क आणि रोल्फ हालिन यांनी १९७० नंतर त्या अतिबारीक, संथ धाग्यांचे निरोप जाग्या माणसात पकडले. मग त्यांनी मज्जातंतूवर दाब देऊन जाड धागे आधी बंद पाडले. सुईतून फक्त संथ धागे बोलताना ऐकू येत होते, आणि माणूस सांगत होता की टोचण्याची कळ गेली, पण आगीसारखे दुखणे शिल्लक आहे. उलट, भूल देणारे औषध वापरून बारीक धागे आधी बंद केले तर आग जाते आणि स्पर्श राहतो. कळ वेगळ्या वाटेने येते, आग वेगळ्या वाटेने. पायाच्या अंगठ्यापासून पाठीच्या कण्यापर्यंत संथ धाग्याला एक सेकंद तरी लागतोच. ठेचेनंतरचा तो मधला क्षण म्हणजे हा प्रवास.

पुढे १९९७ मध्ये मार्टिन श्मेल्त्स, टोरेब्योर्क आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी माणसाच्या कातडीत असे संथ धागे शोधले की जे हिस्टामिन लावल्यावर, खाज सुटते तोवर, नेटाने बोलत राहतात. खाज म्हणजे सौम्य वेदना, हे जुने मत त्यामुळे डळमळीत झाले. आमच्या आज्यांनी कंड आणि कळ यांना वेगळे शब्द दिले होते, ते उगाच नव्हते.

आणि हा केवळ पंडितांचा वाद नाही. माझ्या आईला वीस वर्षांचा मधुमेह. रात्री पाय तव्यावर ठेवल्यासारखे होतात म्हणून ती ओला पंचा गुंडाळून झोपायची. एका मोठ्या दवाखान्यात तिच्या पायांच्या मज्जातंतूंची विजेने तपासणी झाली. कागदावर सगळे ठीक आले. तेथील तरुण डॉक्टर समजावणीच्या सुरात म्हणाले, "आजी, मनाचं आहे हे." आई परतीच्या बसमध्ये मला म्हणाली, "मन काय पायात असतंय व्हय रे?"

मी पुढे यावर वाचत गेलो तेव्हा त्या कागदाचा अर्थ कळला. नेहमीच्या त्या तपासणीत फक्त जाड, वेगवान धाग्यांचे निरोप मोजले जातात. आग आणि ठणका वाहून नेणारे बारीक धागे त्या यंत्राला दिसतच नाहीत. म्हणजे आगीची तक्रार खरी आणि कागद स्वच्छ, असे दोन्ही एकाच वेळी असू शकते. २०१२ साली नॉर्वेतील ऑस्लो येथे मज्जातंतूंच्या विकाराच्या रोग्यांत ही टंगस्टनची सुई वापरली गेली. ज्यांना वेदना होत होत्या आणि ज्यांना होत नव्हत्या, अशा दोन्ही गटांचे बारीक धागे ऐकले गेले. वेदना सांगणाऱ्यांच्या धाग्यांत, कोणी स्पर्शही करत नसताना, आपोआप उठणारे निरोप अधिक आढळले. कातडीवर विस्तव नव्हता, पण विस्तव आहे असे सांगणारा निरोप मात्र खरोखर निघत होता. आईला कोणी ही सुई टोचली नाही. जगात मोजक्याच प्रयोगशाळांत हे काम चालते आणि एकेका धाग्यासाठी तासन्‌तास जातात. पण हे मी तिला सांगितले तेव्हा ती इतकेच म्हणाली, "म्हणजे मी खोटं बोलत नव्हते." तिला औषधापेक्षाही त्या वाक्याची गरज होती, असे मला वाटते.

*

बारीक धागे फक्त दुःखच वाहून नेतात, असेही नाही. १९३९ साली झॉटरमन यांनी मांजरात असे संथ धागे नोंदवले होते की जे हलक्या स्पर्शालाच बोलतात. माणसात ते उरलेले नसावेत, अशी बऱ्याच काळाची समजूत होती. १९८८ मध्ये ते चेहऱ्याच्या कातडीत सापडले, आणि १९९० च्या दशकात वाल्बो, होकान ओलाउसन व सहकाऱ्यांना हातावर. पण माणसाला ज्या स्पर्शाची जाणीव आधीच वेगवान धाग्यांनी झालेली आहे, त्यासाठी हे मागाहून रेंगाळत येणारे धागे कशाला?

उत्तर २००९ मध्ये मिळाले. गोटेबर्ग येथील संशोधकांनी हातावरून मऊ ब्रश वेगवेगळ्या गतीने फिरवला. हे धागे सर्वांत जास्त बोलले ते सेकंदाला एक ते दहा सेंटिमीटर या गतीला. त्याहून हळू फिरवला तर कमी, भरभर फिरवला तर कमी. आणि लोकांना विचारले असता सर्वांत सुखद वाटलेली गतीही तीच. वाचकांनी स्वतः पाहावे: तापाने फणफणलेल्या लेकराच्या कपाळावरून आई हात फिरवते, तो साधारण याच गतीने. तिला कोणी सेंटिमीटर सांगितलेले नसतात.

२००२ साली प्रसिद्ध झालेली एक नोंद याच्याच जोडीला ठेवावी लागते. आजाराने जाड धागे नष्ट झालेल्या एका स्त्रीच्या हातावर ब्रश फिरवला असता तिला स्पर्श नेमका कुठून कुठे गेला ते सांगता येत नव्हते. तरीही काहीतरी सुखद झाले, असे ती सांगत होती. बारीक धागे शाबूत होते, आणि तेवढा निरोप पोहोचत होता.

*

दोन्ही साक्षी नेहमी जुळतात का? नाही, आणि हे सांगितले नाही तर इतिहास अर्धवट राहील. १९८० च्या सुमारास टोरेब्योर्क आणि होसे ओचोआ यांनी सुई उलट वापरली. ऐकण्याऐवजी तिच्यातून एका धाग्याला विजेचा अगदी हलका धक्का दिला. एका प्रकारच्या धाग्याला धक्का दिला तर माणूस म्हणाला, "कोणी टिचकी मारते आहे." दुसऱ्याला दिला तर, "दाबते आहे." तिसऱ्याला दिला तर, "थरथरते आहे." बोटाला मात्र कोणीही हात लावलेला नव्हता. पण चौथ्या प्रकारच्या, कातडीचा ताण टिपणाऱ्या धाग्याला धक्का दिला तर बहुतेक वेळा काहीच वाटले नाही. धागा ठणठणीत बोलत होता आणि माणूस म्हणत होता, "काही नाही." १९८१ मध्ये हागबार्थ आणि त्यांचे सहकारी न्यूस्ट्रोम यांनी अवयव कापलेल्या आणि नसलेल्या अवयवात दुखणाऱ्या रोग्यांच्या मज्जातंतूंत सुई घातली. कापलेल्या टोकाशी झालेली गाठ औषधाने बधिर केल्यावर तिच्यावर टिचकी मारून उठणारे निरोप थांबले, पण रोग्याचे मूळचे दुखणे थांबले नाही.

अशा ठिकाणी घाईचा माणूस एका साक्षीदाराला खोटा ठरवून मोकळा होतो. उप्सालाच्या मंडळींनी तसे केले नाही. सुई काय म्हणाली ते त्यांनी लिहिले, माणूस काय म्हणाला तेही लिहिले, आणि मधली फट पुढच्यांसाठी तशीच उघडी ठेवली. मज्जातंतूचा निरोप आणि मनाला झालेली जाणीव यांत पाठीचा कणा आहे, मेंदू आहे, आधीच्या आठवणी आहेत. तेथपर्यंत ती सुई पोहोचत नाही. म्हणूनच १९६० च्या दशकापासून आजवर या पद्धतीत एक गोष्ट बदललेली नाही. संगणक आले, नोंदी कागदाच्या पट्टीवरून पडद्यावर आल्या, पण पलंगावर पडलेल्या माणसाने जागे राहायचे, आणि सुई सरकवणाऱ्याने त्याला दर थोड्या वेळाने विचारायचे की, आता काय वाटते आहे?

आमच्या शाळेत दहावीच्या वर्गाला साधने आणि पुरावे हा भाग शिकवताना मी आता मोडी कागद आणि शिलालेख यांच्या जोडीला ही हकीकतही सांगतो. परवा एका मुलीने विचारले, "सर, दोन्ही साक्षीदार वेगळं सांगत असले तर खरं कोणाचं मानायचं?" मी तिला सांगितले, दोघांचेही नीट लिहून ठेव, आणि लिहिताना कोणाचाही शब्द बदलू नकोस.